दिवाणी अपील गैरहजेरीत काढून टाकलं, आता काय? खान्देशातल्या पक्षकारांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बांधाचा वाद असो, भावाभावांतलं वाटप असो, विहिरीच्या पाण्याची पाळी असो की घराचा ताबा. तालुक्याच्या कोर्टात निकाल विरुद्ध गेला की माणूस जिल्हा न्यायालयात अपील करतो. जळगाव, धुळे, नंदुरबारला, किंवा अमळनेर-भुसावळसारख्या ठिकाणी जिथे जिल्हा न्यायाधीश बसतात तिथे, ही अपिलं वर्षानुवर्षं चालतात. मग एखाद्या तारखेला पुकारा होतो, अपील करणाऱ्याकडून कोणीच उभं राहत नाही आणि अपील काढून टाकलं जातं. त्यानंतर घाबरलेला पक्षकार जे प्रश्न विचारतो, ते इथे घेतले आहेत. कायदा देशभर एकच आहे, दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908. उदाहरणं आपल्याकडची आहेत.

"वकीलसाहेब, मन्हं अपील उडी गयं." म्हणजे मी केस हरलो का?

नाही. संहितेच्या आदेश 41, नियम 17 प्रमाणे ठरलेल्या तारखेला अपिलार्थी हजर नसेल तर कोर्ट अपील काढून टाकू शकतं. पण तुमचं म्हणणं खरं की खोटं, खालच्या कोर्टाने पुरावा नीट वाचला की नाही, याचा निर्णय त्या आदेशात होत नाही. तो करण्याचा अधिकारच कोर्टाला नाही. 1976 च्या दुरुस्तीने या नियमाला स्पष्टीकरण जोडलं गेलं आणि ते फेब्रुवारी 1977 पासून लागू आहे : गैरहजेरीत अपील गुणदोषावर फेटाळता येणार नाही.

हायसं वाटायला एवढं पुरेसं आहे, स्वस्थ बसायला मात्र नाही. अपील गेल्यावर तालुका कोर्टाचा हुकूमनामा (डिक्री, म्हणजे निकालाचा अंमलात आणायचा औपचारिक आदेश) तसाच कायम उभा राहतो आणि समोरच्याला त्याची अंमलबजावणी करून घेता येते. हालचाल केली नाही, तर न ऐकताच दिलेला हा आदेश परिणामाने अंतिम निकालाइतकाच पक्का होतो.

प्रत्येक तारखेला मी स्वतः यायलाच हवं होतं का?

नाही. अपिलात पुरावा शक्यतो नव्याने घेतला जात नाही, दोन्ही वकिलांचा युक्तिवाद ऐकला जातो. वकीलपत्र दाखल असेल तर वकिलांची हजेरी तुमचीच हजेरी. तुम्ही सुरतला कामाला असाल किंवा रावेरला केळीची गाडी भरत असाल, तरी वकील उभे राहिले तर अपील गैरहजेरीत जात नाही.

एक अडचणीची परिस्थिती वकिलांमुळेही येते. वकील उभे राहतात, पण "पक्षकाराकडून सूचना नाहीत" असं सांगून बाजूला होतात. अशा वेळी पक्षकाराला नोटीस पाठवून मग पुढे जाणं योग्य, असं सर्वोच्च न्यायालयाने मलकियतसिंग विरुद्ध जोगिंदरसिंग या 1998 च्या निकालात म्हटलं आहे. तुमच्या बाबतीत असं झालं असेल आणि तुम्हाला नोटीसच मिळाली नसेल, तर तो मुद्दा अपील परत सुरू करण्याच्या अर्जात ठळकपणे मांडा.

अपील काढून टाकलंय हे मला कळणार कसं? कोर्ट पत्र पाठवतं का?

पत्राची वाट पाहू नका. बहुतेकांना हे तेव्हा कळतं जेव्हा समोरचा दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करतो आणि बेलीफ नोटीस घेऊन दारात येतो, किंवा तलाठी कार्यालयात फेरफाराची नोंद होते. तोवर महिने उलटलेले असतात.

मोबाइलवर ई-कोर्ट्सचं मोफत ॲप घ्या. प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर असतो. तो वकिलांकडून मागून घ्या आणि घरातल्या शिकलेल्या मुलाला किंवा मुलीला टाकायला सांगा. पुढची तारीख, आधीच्या तारखांना काय झालं, अपील कोणत्या न्यायाधीशांकडे आहे, सगळं दिसतं. अपील गैरहजेरीत गेलं असेल तर निकालाच्या रकान्यात "डिसमिस्ड इन डिफॉल्ट" असं काहीतरी दिसेल. सातबारा ऑनलाइन पाहणाऱ्या माणसाला हे अवघड नाही.

त्यानंतर कोर्टातून दोन कागदांच्या नकला काढा : आदेशाची आणि रोजनाम्याची. रोजनामा फार महत्त्वाचा. आधीच्या तारखांना कोण हजर होतं, तहकुबी कोणी मागितली, समोरचा किती वेळा गैरहजर होता, न्यायाधीश रजेवर असल्याने तारीख किती वेळा पडली, हे सगळं त्यात असतं. त्या एका दिवसाची शेवटची नोंद साधारण अशी दिसते : "पुकारले. अपिलार्थी व त्यांचे वकील गैरहजर. दुपारनंतर पुन्हा पुकारले. कोणीही हजर नाही. अपील गैरहजेरीत काढून टाकण्यात येते." त्याआधीच्या पानांवर तुमची हजेरी नियमित असेल, तर तीच तुमची सर्वात मोठी साक्ष.

परत सुरू करण्यासाठी मुदत किती?

तीस दिवस. मुदत कायदा, 1963 च्या अनुच्छेद 122 प्रमाणे ही मुदत काढून टाकल्याच्या तारखेपासून मोजतात. तुम्हाला कळलं त्या तारखेपासून नाही. इथेच सर्वात जास्त लोक फसतात.

मोजायचं कसं ते पाहा. समजा 12 जून 2026 रोजी अपील काढून टाकलं. तो दिवस धरायचा नाही. तीस दिवस 12 जुलैला पुरे होतात. त्या दिवशी रविवार, कोर्ट बंद, म्हणून सोमवारी 13 जुलैला अर्ज दिला तरी तो मुदतीत. उन्हाळ्याच्या सुट्टीत मुदत संपली, तर कोर्ट उघडेल त्या पहिल्या दिवशी अर्ज गेला पाहिजे, दुसऱ्या नाही.

नक्कल मिळायला लागलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वगळतात, हे पक्षकारांना पाठ असतं. पुनर्स्थापनेच्या, म्हणजे अपील परत सुरू करण्याच्या, अर्जाला ती सवलत मुदत कायद्याच्या कलम 12 मध्ये दिलेली नाही. म्हणून नकलेसाठी थांबू नका. अर्ज आधी टाका, नक्कल मागून जोडा.

अर्जात कोणतं कारण चालतं?

हा अर्ज आदेश 41, नियम 19 खाली होतो. त्याला पुनर्स्थापनेचा किंवा रिस्टोरेशनचा अर्ज म्हणतात. अर्जासोबत प्रतिज्ञापत्र लागतं. कसोटी एकच : पुकारा झाला तेव्हा हजर राहण्यापासून तुम्हाला पुरेशा कारणाने अडवलं होतं का? ते सिद्ध झालं तर कोर्टाने अपील पुन्हा दाखल करून घेतलंच पाहिजे. नियमाची भाषा तशी बंधनकारक आहे. खर्चाची अट घालायची की नाही, ते मात्र कोर्ट ठरवतं.

मी पाहिलेले बहुतेक फेटाळलेले अर्ज कारण खोटं होतं म्हणून फेटाळले गेलेले नाहीत. कारण सांगितलेलंच नव्हतं, म्हणून ते गेले. "काही अपरिहार्य अडचणीमुळे अपिलार्थी हजर राहू शकला नाही" हे वाक्य वाचून न्यायाधीशांनी काय करायचं? त्याऐवजी असं लिहिलेलं पाहा : "अपिलार्थीस दि. 9 जून रोजी शहादा येथील दवाखान्यात दाखल केले व दि. 14 जून रोजी घरी सोडले. डिस्चार्ज कार्ड व औषधांची बिले जोडली आहेत. अपिलार्थीचे वकील दि. 12 जून रोजी सकाळच्या सत्रात दुसऱ्या न्यायालयात उलटतपासणीत होते. त्या प्रकरणाचा रोजनामा जोडला आहे." तारीख, ठिकाण, कागद, तिन्ही आले.

या दुसऱ्या नमुन्यात आणखी एक गोष्ट आहे. त्यात दोन माणसांच्या गैरहजेरीचा खुलासा आहे. अपिलात वकिलांची हजेरी पुरते, त्यामुळे पक्षकार आजारी होता एवढं सांगून भागत नाही. मग वकील कुठे होते, हा प्रश्न समोरच्या वकिलांकडून येणारच. दोघांचाही खुलासा द्या, आणि वकिलांच्या बाजूचं कारण असेल तर वकिलांचं स्वतःचं प्रतिज्ञापत्र जोडा.

चालणारी कारणं बरीच आहेत. दवाखाना, घरातला मृत्यू, पांझरेला किंवा तापीला पूर येऊन बंद पडलेला रस्ता, डायरीत चुकीची लिहिली गेलेली तारीख (डायरीच्या त्या पानाची प्रत जोडा), वकिलांचं निधन. सगळ्यांत वजनदार कारणांपैकी एक अनेकांच्या लक्षातच येत नाही : अपील एका न्यायाधीशांकडून दुसऱ्यांकडे वर्ग झालं आणि त्याची माहिती पक्षकाराला किंवा वकिलांना मिळालीच नाही. रोजनामा काढला की हे उघड होतं.

कापूस वेचणीचे दिवस होते, मजूर मिळत नव्हते, हे कारण माणूस म्हणून मला पटतं. पण एकट्या त्या कारणावर विसंबू नका, कारण वकील कापूस वेचत नव्हते. वकिलांचा बहिष्कार हेही कच्चं कारण आहे. वकिलांना संपाचा अधिकार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने हरीश उप्पल प्रकरणात सांगितलं आहे.

आधीच्या काही तारखांना तुम्ही गैरहजर असाल आणि समोरचा तेच उगाळत असेल, तर जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा हा 2000 सालचा निकाल वकिलांना दाखवा. तो एकतर्फी हुकूमनाम्याबद्दल आहे, पण तत्त्व कामाला येतं : ज्या दिवशीच्या गैरहजेरीमुळे आदेश झाला, त्या दिवसाचं कारण पाहायचं, मागचं सगळं उकरायचं नाही.

चूक माझ्या वकिलांची आहे. तिची शिक्षा मला का?

हा प्रश्न 1981 साली सर्वोच्च न्यायालयापुढे अगदी याच स्वरूपात आला होता. रफिक विरुद्ध मुन्शीलाल. उच्च न्यायालयात वकील हजर नव्हते, म्हणून अपील गेलं होतं. न्यायालयाने म्हटलं की खेड्यातला माणूस वकील नेमतो, फी देतो आणि विश्वासाने घरी जातो. वकिलांवर पाळत ठेवणं हे त्याचं काम नव्हे, आणि वकिलांच्या कसुरीसाठी निर्दोष पक्षकाराला भोगायला लावू नये. शहादा-तळोद्याहून नंदुरबारच्या कोर्टात येणाऱ्या माणसाचीच स्थिती त्यात लिहिली आहे, असं मला तो निकाल वाचताना दर वेळी वाटतं.

पण 1993 मध्ये सलिल दत्त प्रकरणात त्याच न्यायालयाने मर्यादाही घातली. वकिलांकडे बोट दाखवलं की सुटका, असा सरसकट नियम नाही. तिथला पक्षकार शहरातली कंपनी होती, कायदा जाणणारी. म्हणजे तुम्ही कोण आहात, किती शिकलेले आहात, कोर्टापासून किती लांब राहता, वकिलांशी संपर्क ठेवत होतात का, याला वजन आहे. फोनच्या नोंदी, फी दिल्याचे ऑनलाइन व्यवहार, व्हॉट्सॲपवरचे "साहेब पुढची तारीख काय?" हे निरोप जपून ठेवा. ते पुरावा आहेत.

वकील बदलायचे असतील तर जुन्या वकिलांची ना-हरकत घेऊन नवं वकीलपत्र द्या. ना-हरकत मिळायला वेळ लागत असेल, तर कोर्टाची परवानगी मागता येते. त्या रुसव्याफुगव्यात तीस दिवस घालवू नका. आणि वकीलबांधवांना एक आग्रहाची विनंती : आदेश झाला त्याच संध्याकाळी पक्षकाराला फोन करा. लपवून ठेवलेली बातमी त्याची शेती घेऊन जाऊ शकते.

तीस दिवस कधीच उलटले. आता दार बंद का?

बंद नाही, जड झालंय. पुनर्स्थापनेच्या अर्जासोबत मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंब माफीचा अर्ज द्यावा लागतो. दोन अर्ज, दोन वेगळे खुलासे. पहिल्यात त्या दिवशी का आला नाहीत, दुसऱ्यात त्यानंतर एवढे दिवस का थांबलात. बरेच जण दुसऱ्या अर्जात पहिल्याचंच कारण उतरवतात आणि तो तिथेच पडतो.

अनंतनागच्या भूसंपादनातल्या मुसम्मात कातीजी प्रकरणात 1987 साली सर्वोच्च न्यायालयाने उदार धोरण सांगितलं : मुद्दाम उशीर करून कोणाचा फायदा होत नाही, आणि प्रत्येक दिवसाच्या खुलाशाचा आग्रह तारतम्याने धरावा. तर बसवराज प्रकरणात 2013 साली त्याच न्यायालयाने बजावलं की पुरेसं कारण नसेल तर केवळ सहानुभूतीने विलंब माफ करता येत नाही. दोन्ही निकाल रोज वापरले जातात. उशीर किती यापेक्षा खुलासा किती खरा, यावर पारडं झुकतं. कधी कळलं, कोणाकडून कळलं, नक्कल कधी मागितली, कधी मिळाली, वकिलांकडे कधी गेलात, हे तारीखवार लिहा.

समोरच्याने दरखास्त टाकली आहे. स्थगिती होती ना?

होती, पण ती अपिलाच्या आधारावर होती. अपील गेलं की आदेश 41, नियम 5 खालची स्थगितीही जाते. त्यामुळे पुनर्स्थापनेचा अर्ज टाकतानाच अंमलबजावणी थांबवण्याचा वेगळा अर्ज द्या आणि तो लगेच चालवायची विनंती करा.

शेतीच्या वाटपाचा हुकूमनामा असेल तर जास्त जागरूक राहा. सरकारी आकारणी असलेल्या जमिनीचं वाटप संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं. प्रत्यक्षात कागद तहसीलकडे येतात, मोजणीची नोटीस निघते, हिस्से पडतात. मोजणीच्या नोटिशीवर नुसती सही करून घरी बसू नका, तोच दिवस कोर्टात जाण्याचा. एकदा ताबा गेला, की पुढे अपील पुन्हा सुरू झालं तरी तेवढ्याने ताबा परत मिळत नाही. त्यासाठी अपील जिंकावं लागतं आणि मग कलम 144 खाली मागणी करावी लागते.

अपील पुनर्स्थापित झाल्यावर जुनी स्थगिती आपोआप जिवंत होते का? दाव्यातल्या अंतरिम आदेशांबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2004 मध्ये (व्हरीद जेकब प्रकरण) म्हटलं आहे की कोर्टाने वेगळं सांगितलं नसेल तर ते पुन्हा लागू होतात. तरी माझा सल्ला असा की पुनर्स्थापनेच्या आदेशातच "पूर्वीची स्थगिती पुढे चालू" हे लिहून मागा. दरखास्तीच्या कोर्टात निकाल वाचून दाखवण्यापेक्षा आदेशाची एक ओळ दाखवणं सोपं.

अपील आबांच्या नावावर होतं. आबा वारले, आम्हाला माहीतच नव्हतं.

इथे कायदा वेगळा, आदेश 22. अपिलार्थी वारल्यापासून 90 दिवसांत वारसांची नावं लावायची असतात. न लावल्यास अपील त्याच्यापुरतं आपोआप बाद होतं. त्यानंतर 60 दिवसांत ते बाद होणं रद्द करून घेण्याचा अर्ज, आणि तेही उलटले असतील तर सोबत विलंब माफी. आबा आधीच वारले होते आणि नंतर अपील "गैरहजेरीत" काढलं असेल, तर मृत्यूचा दाखला जोडून हे कोर्टाला सांगा. मेलेला माणूस पुकाऱ्याला ओ देऊ शकत नव्हता, आणि त्याच्या वकीलपत्राचा अधिकारही त्याच्याबरोबर संपला होता.

वारस लावताना बहिणी वगळू नका. आपल्याकडे अजूनही अर्जात फक्त मुलांची नावं येतात. मुली लग्न होऊन सासरी गेल्या तरी वारस असतातच. नावं लपवली की समोरचा तोच आक्षेप घेतो, आणि बहिणींवर अन्याय होतो तो वेगळाच.

मी गैरहजर असताना न्यायाधीशांनी पानंच्या पानं लिहून "अपिलात तथ्य नाही" म्हटलंय.

मग आदेशच नियमाबाहेर आहे. अब्दुर रहमान विरुद्ध अथिफा बेगम (1996) आणि घनश्यामदास गुप्ता विरुद्ध मखनलाल (2012) या दोन्ही निकालांत सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं : अपिलार्थी नसेल तर अपील काढून टाका किंवा तहकूब करा, गुणदोषावर जाऊ नका. अशा निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात दुसरं अपील करता येतं.

साध्या गैरहजेरीच्या आदेशाविरुद्ध थेट दुसरं अपील का नाही?

कारण संहितेच्या कलम 2(2) प्रमाणे गैरहजेरीत काढून टाकण्याचा आदेश हुकूमनामा ठरत नाही, आणि कलम 100 चं दुसरं अपील हुकूमनाम्यावरच होतं. वाट पुनर्स्थापनेचीच. तो अर्ज फेटाळला, तर त्या आदेशाविरुद्ध आदेश 43, नियम 1(टी) खाली अपील आहे. आपल्या तिन्ही जिल्ह्यांसाठी ते मुंबई उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर (औरंगाबाद) खंडपीठात जातं.

एक सापळा सांगून ठेवतो. मूळ निकाल एकतर्फी होता आणि तुम्ही त्यावर अपील केलं होतंत, ते गैरहजेरीत गेलं. आता "तालुका कोर्टात एकतर्फी निकाल रद्द करायचा अर्ज देऊ" असं कोणी सुचवेल. आदेश 9, नियम 13 च्या स्पष्टीकरणामुळे तो रस्ता बंद होतो. स्वतःहून मागे घेतलेलं अपील सोडून अन्य कोणत्याही कारणाने अपील निकाली निघालं असेल, तर तो अर्ज चालत नाही. म्हणून अशा पक्षकारांनी अपील पुनर्स्थापित करण्यावरच जोर द्यावा.

खंडपीठातलं माझं अपील तारीख न लागताच गेलं. असं कसं?

बहुधा कार्यालयीन हरकती दूर न केल्यामुळे. कागद कमी, फी कमी, पत्ता अपुरा, अशा हरकतींसाठी मुदत दिलेली असते आणि ती उलटली की सशर्त आदेशाने अपील निकाली निघतं. हरकती आधी दूर करा, मग पुनर्स्थापनेचा अर्ज द्या.

मी उत्तरवादी आहे. समोरच्याचं अपील गेलं, मी काय करू?

हुकूमनाम्याची दरखास्त करू शकता, त्याला बारा वर्षांची मुदत आहे. पुनर्स्थापनेच्या अर्जाची नोटीस आली तर तारखा तपासून म्हणणं द्या. तुम्ही अपिलात प्रत्याक्षेप (निकालाच्या तुमच्या विरुद्ध गेलेल्या भागावरची हरकत) दाखल केला असेल, तर मूळ अपील गैरहजेरीत गेलं तरी तुमचा प्रत्याक्षेप ऐकला जाऊ शकतो. आदेश 41, नियम 22(4).

प्रांतसाहेबांकडचं फेरफाराचं अपील आणि फौजदारी अपील यांनाही हेच लागू?

नाही. महसुली अपील महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 खाली चालतं, त्याचे नियम आणि मुदती वेगळ्या. फौजदारी अपील केवळ वकील आले नाहीत म्हणून काढून टाकता येत नाही. बानीसिंग प्रकरणात 1996 साली सर्वोच्च न्यायालयाने तसं स्पष्ट केलं आहे.

नवा वकील करायला पैसे नाहीत.

प्रत्येक जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे. विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987 च्या कलम 12 प्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती आणि दिव्यांग यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. धडगाव-अक्कलकुव्याच्या आदिवासी शेतकऱ्याला किंवा एकट्या पडलेल्या विधवा बाईला हा हक्क आहे, उपकार नाही. इतरांना उत्पन्नाच्या मर्यादेत मदत मिळते. 15100 या क्रमांकावर फोन करून चौकशी करता येते. जाताना आदेशाची तारीख, अपिलाचा नंबर, तालुका कोर्टाच्या निकालाची प्रत, आधार कार्ड आणि गैरहजेरीच्या कारणाचा जो असेल तो कागद बरोबर न्या. तीसपैकी किती दिवस उरलेत, हे तिथल्या माणसाला सगळ्यात आधी सांगा.